बिनकानाचा कप

चुडामण तात्यांचं चरित्र कुणी लिहायला घेतलं, तर त्यानं जन्म, शिक्षण, सरपंचपद या भानगडीत पडू नये. थेट गोठ्यात शिरावं. तिथं भिंतीत डाव्या हाताला एक कोनाडा आहे आणि त्या कोनाड्यात कित्येक वर्षं चिनी मातीचा एक कप पालथा घातलेला असायचा. पांढरा, अंगावर दोन निळी फुलं आणि कान तुटलेला. कान तुटला म्हणून तात्यांच्या बायकोनं, कौसाबाईंनी, त्याची स्वयंपाकघरातून गोठ्यात बदली केली. त्याची पाच भावंडं बैठकीतल्या शोकेसमध्ये काचेआड बसलेली असत. त्यांना ना कधी चहा लागला, ना कुणाचे ओठ. गोठ्यातला कप मात्र दिवसातून दोनदा भरायचा. तो मजुरांचा कप होता.

आमचं गाव तापीकाठचं, सारंगखेड्याच्या अलीकडचं. असा कप आमच्या गल्लीत घरोघरी होता. कुठं जर्मनचा पेला, कुठं करवंटी, कुठं बुडाला पोचे आलेला तांब्या. पण तात्यांच्या कपाची गोष्ट वेगळी, कारण तात्या म्हणजे गावात जे जे काही आहे त्याचे अध्यक्ष. माजी सरपंच, भजनी मंडळाचे अध्यक्ष, मंदिर समितीचे अध्यक्ष. सव्वीस जानेवारीला शाळेत समतेवर भाषण ठोकायचं ते तात्यांनीच, आणि पोरं उन्हात चक्कर येऊन पडेपर्यंत ठोकायचं. रोज सकाळी त्यांच्या मोबाइलवरून साऱ्या गावाला गुलाबाच्या फुलासकट संदेश यायचा : ‘माणुसकी हाच खरा धर्म.’ माझ्या फोनवर तो वाजायचा त्याच सुमाराला समोरच्या गोठ्यात तात्या कमरेत वाकून, किटली कपाला लागू नये म्हणून वीतभर उंचीवरून, बाज्याला चहा ओतत असायचे. माझं खताबियाण्यांचं दुकान त्यांच्या दारासमोरच आहे. त्यामुळे तात्यांचा धर्म मला दोन्ही बाजूंनी दिसायचा, फोनमधला आणि गोठ्यातला.

बाज्या तोरणमाळच्या पलीकडच्या एका पाड्यातला पावरा आदिवासी. हंगामाला मजुरीसाठी खाली आला आणि तात्यांकडे सालदार म्हणून राहिला. बायको रमिलाबाई कापूस वेचायची, मिरच्या तोडायची, आणि बाज्या उरलेलं सगळं करायचा. गहू तो पेरायचा, म्हशी तो पिळायचा, मंदिरात वाहायची फुलंही तोच तोडून आणायचा. इथपर्यंत तात्यांच्या देवाची काही तक्रार नव्हती. बाज्यानं काढलेलं दूध आत जायचं, त्याचा चहा व्हायचा, आणि तो चहा बाज्यासाठी बाहेर आला की मात्र एकदम विटाळाचं भय सुरू व्हायचं. हे गणित मी तात्यांना एकदा विचारलं होतं. ते म्हणाले, “चुनीलाल, तू खते इक. शास्तर तुन्हं काम नही.”

डोंगरातल्या लोकांच्या धर्माबद्दल तात्यांना सगळं माहीत होतं. “त्यास्ले देव ठाऊकच नही,” असं ते ओट्यावर बसून सांगायचे. “दगडले दारू पाजतस, कोंबडं कापतस. हाऊ काय धरम शे?” ऐकणारे भजनी मंडळाचे सभासद माना डोलवायचे. गंमत अशी, की त्यांच्यातला एकही जण कधी सातपुडा चढून वर गेलेला नव्हता. पावसाळा सरला, हवा स्वच्छ झाली, की गच्चीवरून निळे डोंगर दिसतात, तेवढाच काय तो त्यांचा अभ्यास. पण ज्या गावाला जायचं नाही त्या गावच्या लोकांबद्दल माणूस फार ठामपणे बोलू शकतो, हे मी आमच्या ओट्यावरच शिकलो.

आता घोडीबद्दल सांगायला हवं, कारण तात्यांचं खरं कुलदैवत तीच. हरिणी तिचं नाव. पांढरीशुभ्र, गुलाबी नाकपुड्यांची, आणि तात्यांपेक्षा जास्त मान वर करून चालणारी. दर वर्षी दत्तजयंतीला सारंगखेड्याच्या घोडेबाजारात तात्या तिला सजवून नेत. विकायला नव्हे. गिऱ्हाइकांना झुलवायला. कुणी चांगली किंमत बोलला की तात्या छाती काढून “नही!” म्हणायचे. वर्षभर तात्या त्या एका ‘नही’साठी जगत असत. पोरगा भाग्येश पुण्यात नोकरीला, तो फोन करायचा तेव्हा तात्या घोडीची खुशाली आधी सांगत आणि कौसाबाईंची मागाहून.

आणि ही घोडी वाढली होती बाज्याच्या हातावर. शिंगरू असताना तिची आई मेली, तेव्हा बाज्यानं तिला बाटलीनं दूध पाजलं, थंडीत स्वतःची गोधडी पांघरली. भिजवलेले हरभरे ती त्याच्या ओंजळीतूनच खायची. तात्यांच्या तांब्याच्या घंगाळाकडे ती बघायचीसुद्धा नाही. जनावराला शास्त्र कळत नाही ते असं.

गेल्या वर्षी कार्तिकात गावात कीर्तनाला एक बुवा आले. तात्यांकडे उतरले, तूप-पोळी जेवले, शेतात फिरायला गेले आणि बांधावर थबकले. तिथं पळसाखाली बाज्यानं एक शेंदूर लावलेला दगड मांडलेला होता. तो त्याचा वाघदेव. नवं पीक आलं की पहिली कणसं बाज्या त्याच्यापुढं ठेवायचा, मोहाच्या दारूची धार जमिनीवर सोडायचा, आणि त्याशिवाय नवं धान्य तोंडात घालायचा नाही. बुवांनी डोळे मिटले, नाक फुगवलं आणि सांगितलं, की घरातली सगळी अडचण या दगडामुळे आहे. तात्यांच्या घरात तेव्हा कसलीही अडचण नव्हती. पण बुवांनी शोधून काढल्यावर ती नाकारणार कशी! तात्यांनी ट्रॅक्टरला साखळी लावली, दगड उपटला आणि टाकून कशाला द्यायचा म्हणून पाण्याच्या मोटारीच्या खोलीला पायरी केली. चांगला सपाट दगड होता.

संध्याकाळी बाज्या मोटार चालू करायला गेला. पायरी पाहिली. तिच्यावर पाय न देता तो बाजूनं उडी मारून आत गेला, मोटार चालू केली, पिकाला पाणी दिलं आणि परत आला. घोडीला हरभरे चारले. बादली धुऊन पालथी घातली. मग रमिलाबाईला घेऊन एसटी स्टँडकडे चालू लागला. भांडण नाही, शिवीगाळ नाही. तात्या ओट्यावरून ओरडले, “काय रे, कोठे चालनास?” बाज्या म्हणाला, “घर जाई ऱ्हायनू, तात्या,” आणि गेला.

“जाऊ दे,” तात्या म्हणाले. “असा शंभर बाज्या भेटतीन.”

बाज्या भेटलेही. एकानं गवत घातलं, दुसऱ्यानं कडबा, तिसऱ्यानं गूळ. हरिणीनं सगळ्यांकडे पाठ केली. ती डोंगराच्या दिशेनं तोंड करून उभी राहायची आणि पाण्याचे चार घोट सोडले तर काही घ्यायची नाही. शहाद्याहून डॉक्टर आले, सुई टोचून म्हणाले, रोग काही नाही, हिला कुणाची तरी सवय आहे. तात्यांनी बुवांना फोन केला. बुवांनी अंगारा पाठवला. घोडीनं अंगाऱ्यावर फुरफुर केली आणि तो सगळा तात्यांच्या तोंडावर उडाला. मी दुकानातून पाहत होतो आणि मला मनापासून हसू आलं. पण चार दिवसांनी तिच्या बरगड्या मोजता यायला लागल्या, तेव्हा हसू थांबलं. दत्तजयंती जवळ आली होती. तात्यांना गोठ्यात तिच्या मानेला मिठी मारून हमसून हमसून रडताना मी पाहिलं. माणूस ढोंगी होता, पण ते रडणं ढोंगी नव्हतं.

शेवटी कौसाबाई म्हणाल्या, “घोडीले बुवा नको, बाज्या पाहिजे. जा, लई या त्याले.”

“मी? मी जाऊ त्यान्हा दारमा?”

“मंग घोडीले धाडू का?”

तात्या निघाले. गाडी माझी, कारण त्यांच्या ड्रायव्हरला घाटाची भीती. कौसाबाईंनी वीस लिटरचा पाण्याचा जार, थर्मासमध्ये चहा आणि दशम्यांचा डबा असा बंदोबस्त करून दिला, जणू तात्या चंद्रावर चालले होते. वर कुणाच्या घरचं पाणीसुद्धा प्यायचं नाही, अशी तात्यांना सक्त ताकीद. ताकीद देण्याची गरजच नव्हती.

सातपायरी घाटात माझी गाडी तापली. बॉनेटमधून वाफा निघू लागल्या आणि जवळपास पाण्याचा थेंब नाही. मी जारकडे पाहिलं. तात्यांनी जार कवटाळला. “तात्या,” मी म्हटलं, “पाणी इंजिनला देऊ, का चालत जायचं?” कौसाबाईंचं ते गाळलेलं, तुळस घातलेलं सोवळं पाणी शेवटी रेडिएटरच्या पोटात गेलं. पुढच्या वळणावळणांत तात्यांच्या पोटातल्या दशम्या बाहेर आल्या, आणि त्यांच्या मागोमाग चहा. पाड्यावर पोहोचलो तेव्हा ज्या माणसाला वर काही खायचं-प्यायचं नव्हतं, तो भुकेनं आणि तहानेनं अर्धमेला झालेला होता.

बाज्या कुडाची भिंत सारवत होता. आम्हाला पाहून हात धुऊन पुढं आला. चेहऱ्यावर राग नाही, आनंदही नाही. पण त्याची आई फुलीबाई आतून धावत आली आणि तात्यांना पाहून तिचं तोंड असं उजळलं, की तात्यांनी मागं वळून पाहिलं, आपल्यामागं आणखी कोण आलंय म्हणून. म्हातारीला पावरी सोडून दुसरी भाषा येत नव्हती. ती हात नाचवत भराभर काहीतरी बोलली. बाज्यानं अहिराणीत सांगितलं, “माय म्हनस, मोठा मानूस उना, घर पवित्र व्हयनं.”

तात्यांना हे आवडलं. ते घराकडे निघाले, तशी फुलीबाई आडवी झाली. तिनं बोट दाखवलं. अंगणाच्या पार बाहेर, मोहाच्या झाडाखाली, एक बाज टाकली होती. तात्यांनी तिथं बसायचं. मला मात्र तिनं हाताला धरून घरात नेलं, चुलीजवळ गोधडीवर बसवलं आणि घरातल्याच पेल्यात पाणी दिलं. दारातून मला तात्या दिसत होते. मोहाखाली एकटे.

मग फुलीबाईनं पेटीतून एक फडकं काढलं. त्यात गुंडाळलेला एक कप होता. कोरा करकरीत, फुलाफुलांचा, आणि कान नसलेला. तो घेऊन ती बाहेर गेली, तात्यांच्या हातात दिला आणि तांब्या वीतभर उंच धरून वरून पाणी ओतलं. तात्या तहानलेले होते. ते प्याले. ती पुन्हा ओतायची, ते पुन्हा प्यायचे, पण त्यांचा चेहरा हळूहळू लाल व्हायला लागला होता. जेवण आलं. आम्ही सगळे आत गोल करून बसलो, एकाच परातीतल्या भाकरी मोडत होतो. तात्यांची भाकरी फुलीबाई बाहेर घेऊन गेली आणि हाताला हात लागणार नाही अशी वरून त्यांच्या ओंजळीत सोडली. तात्या भुकेले होते. ते जेवले. जेवून उठले, हात धुवायला चार पावलं गेले आणि सहज मागं पाहिलं, तर म्हातारी त्यांच्या उमटलेल्या पावलांवर पाणी शिंपडत होती.

तात्या फुटलेच. “बाज्या!” ते असे ओरडले, की मोहावरचे पक्षी उडाले. “मन्ही घोडी मरी ऱ्हायनी म्हनीसन तुन्हा दारमा उनू, अन् तू मन्ही असी फजिती करस? मले बाहेर बसाडस? मी काय कुत्रा शे का?”

फुलीबाईनं घाबरून बाज्याला विचारलं, पाहुणा काय म्हणतो? बाज्यानं तिला पावरीत काहीतरी सांगितलं. ती खूश होऊन हसली आणि आणखी भाकरी आणायला आत पळाली. नंतर मी विचारलं तेव्हा कळलं, की बाज्यानं सांगितलं होतं, ‘पाहुणा म्हणतो, भाकरी फार गोड होती.’

मग बाज्या तात्यांना थोडं बाजूला घेऊन गेला. मीही गेलो, कारण तात्या काही करतील अशी मला भीती होती. बाज्या खाली बघून बोलला. “तात्या, मायले काही माहीत नही. मन्हा पोऱ्या व्हयना तवय ती तुम्हना घर उनी व्हती. कौसा मायनी तिले येगळा कप दिधा, वरथीन पानी दिधं, गोठामा येगळी बसाडी. ती निंघनी तवय तिन्हा मांगे पानी शिपडं. आम्हनाकडे देवले धार सोडतस जमीनवर. तिले वाटनं, तुम्ही पाटील लोके पाव्हनाले देवसारखा मानतस. येगळा कप, कोनी त्याले त्वांड नही लावस, फक्त तिन्हाच.”

तात्यांनी बाजेवर ठेवलेल्या त्या बिनकानाच्या कपाकडे पाहिलं.

“घर येताच तिनी धडगावना बजारमाईन तसाच कप आना. कान व्हता त्याले. तिनी दगडघाई मोडा. पाटीलना कपले कान नही ऱ्हास म्हने. तवयपाईन जपी ठेयेल शे, तुम्ही कधी तरी येशात म्हनीसन.”

“अन् तू तिले सांगं नही?” तात्यांनी विचारलं.

“काय सांगू? साऱ्या पाडामा सांगत फिरस ती, मन्हा पोऱ्या देवमानूसना घर शे.”

मला त्या क्षणी तात्यांची दया आली, आणि कुणाचीही दया येण्याचा माझा स्वभाव नाही. चाळीस वर्षं भजन म्हणणाऱ्या माणसाला कुणी पहिल्यांदाच मनापासून देवमाणूस म्हटलं होतं, आणि तेही कशाच्या जोरावर, तर कान तुटलेल्या कपाच्या. तात्या मोहाला टेकून उभे राहिले आणि बराच वेळ नखानं साल खरवडत राहिले.

एवढ्यावर भागलं असतं तरी पुष्कळ होतं. पण फुलीबाईचा पाहुणचार अजून संपला नव्हता. घोडी आजारी आहे हे कळल्यावर ती आम्हाला पाड्याबाहेर देवाच्या झाडाखाली घेऊन गेली. तिथंही शेंदूर लावलेला दगड. तात्यांनी त्याच्याकडे पाहिलं आणि नजर वळवली. म्हातारीनं कमरेची मोहाच्या दारूची बाटली काढली, मग तात्यांकडे पाहून थबकली आणि ती बाटली मागं लपवून देवाशी काहीतरी बोलू लागली. हुज्जत घातल्यासारखी. बाज्या हसू दाबून म्हणाला, “माय देवले सांगी ऱ्हायनी, हाई पाव्हनाना देवले मोहानी चालत नही. तू बी आज पानीवर भागाड, त्यान्ही घोडी बरी व्हवू दे.” तिनं पाण्याची धार सोडली. देवानं काही हरकत घेतल्याचं दिसलं नाही. आमच्या मंदिर समितीत एवढा ठराव मंजूर व्हायला तीन सभा लागल्या असत्या आणि चौथीत मारामारी झाली असती.

मग ती तात्यांकडे वळली, दोन्ही हात जोडले आणि काहीतरी म्हणाली. बाज्या या वेळी जरा अडखळला. “माय म्हनस, तुम्ही मन्हा देवले पानीनी खोलीना दारमा जागा दिधी, तुम्हले पुण्य लागी. मी तिले तसंच सांगेल शे, तात्या. सुट्टीवर उनू असं बी.”

तात्यांनी खाली पाहूनच हात जोडले. ते म्हातारीला जोडले की दगडाला, हे मला सांगता येणार नाही. दोघं एकाच दिशेला होती.

निघताना तात्या बाज्याला म्हणाले, “चाल ना रे. घोडी वाट देखी ऱ्हायनी.” मागं कधी त्यांच्या तोंडून असा ‘चाल ना’ ऐकला नव्हता, ‘ना’ तर मुळीच नाही. बाज्या म्हणाला, “येस मी. घोडीनं काय चुकनं? पन माय घोडाबजार देखाले येनार शे, तुम्हना घर उतरी. तिले काही कळाले नको. बाकी मन्हं काहीच म्हननं नही.”

पगारवाढ मागितली असती तर तात्यांनी घासाघीस केली असती. ही अट मात्र त्यांनी निमूटपणे घेतली.

बाज्या आमच्याच गाडीतून आला, रमिलाबाई पोराजवळ पाड्यावरच राहिली. गोठ्यात शिरून त्यानं नुसती जीभ टाळ्याला लावून टक्‌ केलं आणि हरिणी कान टवकारून अशी खिंकाळली, की गल्लीतली माणसं जेवणं टाकून बाहेर आली. त्याच्या ओंजळीतून ती हरभरे खात होती आणि तात्या तिच्या शेपटीकडे उभे राहून डोळे पुसत होते. इतके दिवस हात बाटलेले आहेत म्हणून सांगणारा माणूस त्या हातांकडे आशाळभूतासारखा बघत होता.

आता तात्यांपुढं मोठंच संकट होतं. फुलीबाई यायच्या आत त्यांना तिला वाटत होतं तसं व्हायचं होतं, आणि हाताशी जेमतेम आठवडा. दुसऱ्याच दिवशी त्यांनी पायरी उपटली. ट्रॅक्टर नाही लावला. स्वतः पहार घेतली, कंबर धरली, शिव्या दिल्या, बाज्यानं हात लावला तेव्हा कुठं दगड हलला. मोटारीच्या खोलीशेजारी कडुनिंबाखाली चौथरा बांधून तो मांडला. बातमी बुवांपर्यंत पोहोचायला वेळ लागला नाही. फोन आला. बुवा रागावले, घरावर काय काय येईल त्याची यादी सांगितली. तात्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, “महाराज, घोडी खाई ऱ्हायनी.” आणि फोन ठेवला. भजनी मंडळातल्या दोघांनी ओट्यावर येणं बंद केलं. त्यांच्या वाट्याचा चहा वाचला, असं कौसाबाई म्हणाल्या.

पण खरी लढाई कौसाबाईंशीच होती. तात्यांनी पाड्यावरची सगळी हकीकत सांगितली तेव्हा त्या म्हणाल्या, “मी काय तिले मान म्हनीसन पानी शिपडेल व्हतं का? गोमूत्र व्हतं त्यामा.” “तेच तर,” तात्या म्हणाले. “तिले तेच कळाले नको.” कोनाड्यातला कप तात्यांनी उकिरड्यावर फेकला. कौसाबाईंनी तो उचलून परत ठेवला, मजुरांना मग कशात द्यायचा म्हणून. तात्यांनी पुन्हा फेकला, या वेळी दगडावर. खळ्‌कन आवाज माझ्या दुकानापर्यंत आला. मग दोन दिवस त्या घरात कुणी कुणाशी बोललं नाही, आणि मला दुकानात बसून कंटाळा आला.

दत्तजयंतीच्या आदल्या दिवशी फुलीबाई आली. नवं लुगडं, गळ्यात चांदीची हासळी, हातात गाठोडं. तात्यांनी तिला घरात नेलं. बैठकीत. मला मुद्दाम बोलावलं होतं, बहुधा धीर यावा म्हणून. कौसाबाई आतून ट्रे घेऊन आल्या, आणि मी डोळे चोळले. ट्रेमध्ये शोकेसमधले पाचही कप होते. निळ्या फुलांचे, धडधाकट कानांचे. पण कौसाबाईंचा चेहरा दगडासारखा घट्ट होता.

सगळ्यांनी कप उचलले. फुलीबाईनं उचलला नाही. तिनं ट्रेकडे पाहिलं, आमच्या हातातल्या कपांकडे पाहिलं, मग उठून गोठ्याच्या दाराशी गेली आणि कोनाड्यात डोकावली. कोनाडा रिकामा होता. परत आली तेव्हा तिचं तोंड एवढंसं झालं होतं. ती हळू आवाजात बाज्याला काहीतरी बोलली. जन्मभर दोन्हीकडचं गोड करून सांगणारा बाज्या पहिल्यांदाच गप्प बसला.

“काय म्हनस ती?” तात्यांनी विचारलं.

“इचारस,” बाज्या म्हणाला, “मन्हा कप कोठे गया? मन्हं काही चुकनं का?”

तात्यांनी तोंड उघडलं. समतेवर तास-तास बोलणाऱ्या त्या तोंडातून एक शब्द बाहेर येईना. मी चहात बघत होतो. आता हिला कळणार, मला वाटलं, आणि इतक्या वर्षांचा तिचा आनंद याच बैठकीत, आमच्या सगळ्यांसमोर मातीत जाणार.

बोलल्या त्या कौसाबाई. त्या पुढं आल्या आणि ट्रेमध्ये राहिलेला तिचा कप स्वतःच्या हातानं उचलून त्यांनी म्हातारीच्या हातात दिला. बोटांना बोटं लागली. “तिले सांग, बाज्या,” त्या म्हणाल्या, “तो कप पाव्हनास्ना व्हता. ती आते पाव्हनी नही, घरनी शे. घरनं मानूस पाव्हनाना कपमा कसाले पिई?”

बाज्यानं सांगितलं. या वेळी त्याला काही बदलावं लागलं नाही. फुलीबाईनं ऐकलं, कौसाबाईंकडे पाहिलं, आणि तोंडावर हात ठेवून लाजली. मग बशीत ओतून, फुंकर घालून, आवाज करत तिनं चहा प्यायला आणि आणखी मागितला. कौसाबाई आत गेल्या त्या बराच वेळ बाहेर आल्या नाहीत. चहाला इतका वेळ लागत नाही.

दुसऱ्या दिवशी बाजारात हरिणीच्या लगामाला बाज्या होता, आणि एका व्यापाऱ्यानं किंमत विचारली तेव्हा तात्या सवयीप्रमाणे छाती काढण्याऐवजी म्हणाले, “त्याले इचारा.” बाज्या ‘नही’ म्हणाला. फुलीबाई घोडीच्या पायाशी बसून जिलेबी खात होती.

संध्याकाळी ती परत निघाली. एसटीची वेळ झाली होती. दारातून बाहेर पडून ती चार पावलं गेली आणि थांबली. वळून घराकडे बघत उभी राहिली. बाज्यानं हाक मारली तरी हलेना. तात्यांना कळेना, मलाही कळेना. कौसाबाईंना कळलं. त्या आत गेल्या आणि पाण्याचा तांब्या भरून घेऊन आल्या. नुसतं पाणी, तुळशीचं पान घातलेलं. उंबऱ्याशी वाकून त्यांनी म्हातारीच्या उमटलेल्या पावलांवर, तिला दिसेल असं सावकाश, पाणी शिंपडलं.

फुलीबाईनं तिकडून दोन्ही हात जोडले आणि समाधानानं एसटीकडे निघाली. कौसाबाई रिकामा तांब्या धरून ती दिसेनाशी होईपर्यंत दारात उभ्या होत्या.